चळवळीच्या पुस्तकातलं पेन्सिलीचं अक्षर

श्रोतेहो, नमस्कार.

तालुक्याच्या गावातल्या एका सार्वजनिक वाचनालयात मी सव्वीस वर्षं ग्रंथपाल होते. नवं पुस्तक आलं की रजिस्टरात दाखल करायचं, शिक्का मारायचा, पाठीवर क्रमांकाची चिठ्ठी चिकटवायची आणि ते कुठल्या कपाटात जाणार हे ठरवायचं. रोजचं काम. पण काही पुस्तकांपाशी माझा हात थांबायचा. संप केलेल्या, सत्याग्रहाला गेलेल्या, लाठ्या खाल्लेल्या माणसांनी स्वतःच लिहिलेली ती पुस्तकं. चरित्राच्या कपाटात ठेवावीत, तर त्यांत एकट्या माणसाची गोष्ट नसते. इतिहासात ठेवावीत, तर लिहिणारा लढाईत उतरलेला असतो आणि ते लपवतही नाही. शेवटी माझ्या टेबलामागच्या खिडकीजवळ एक फळी रिकामी केली आणि ही पुस्तकं तिथं लावली. आज त्या फळीवरच्या काही पुस्तकांबद्दल मी बोलणार आहे.

सुरुवात गोदावरी परुळेकर यांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकापासून करते. हे पुस्तक १९७० साली आलं आणि १९७२ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यात गोष्ट आहे ती तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातल्या वारली आदिवासींची. तो मुलूख आज बराचसा पालघर जिल्ह्यात आहे, आणि उंबरगाव गुजरातेत गेलं आहे.

पण त्या पुस्तकाकडे जाण्याआधी दुसऱ्या एका कागदाबद्दल सांगते. मुंबई प्रांताच्या सरकारनं डी. सिमिंग्टन नावाच्या सनदी अधिकाऱ्याला डोंगर-जंगलातल्या आदिवासींची स्थिती पाहायला सांगितलं होतं. त्यांचा अहवाल १९३९ साली सरकारी छापखान्यात छापला गेला. जमीनदार लागतील तितके दिवस कुळांना वेठीला धरतात, कुणी नकार दिला किंवा टाळाटाळ केली तर त्याला मारहाण होते, हे त्यात स्वच्छ लिहिलं आहे. एका इंग्रज अधिकाऱ्यानं, सरकारी शिक्क्यानिशी. म्हणजे सरकारला सगळं ठाऊक होतं. अहवाल फायलीत गेला आणि वेठ जिथल्या तिथं राहिली.

मग १९४५ साल उजाडलं. जानेवारीत टिटवाळ्याला महाराष्ट्रातल्या किसान सभेची, म्हणजे शेतकऱ्यांच्या संघटनेची, परिषद भरली. उंबरगाव तालुक्यातले काही वारली तिथं आले होते. त्यांतला माह्या धांगडा व्यासपीठावर चढला आणि आपल्या लोकांवर काय गुजरतं ते त्यानं सगळ्यांसमोर सांगितलं. त्यानंतर किसान सभेचे शामराव परुळेकर आणि त्यांच्या पत्नी गोदावरी वारल्यांच्या पाड्यांतून फिरले. २३ मे १९४५ रोजी झरी गावात वारल्यांची परिषद भरली, हजारो माणसं जमली. तिथं ठरलेल्या गोष्टी फार मोठ्या नव्हत्या. वेठ करायची नाही. जमीनदाराच्या खाजगी जमिनीवर राबायचं तर दिवसाला बारा आणे रोख मिळाले पाहिजेत. कुणी अंगावर हात टाकला तर सगळ्यांनी मिळून उभं राहायचं.

श्रोतेहो, इतकंच. आणि अहवालाला सहा वर्षांत जे जमलं नाही, ते पुढच्या काही आठवड्यांत घडू लागलं. पाड्यापाड्यांत वेठ बंद पडली. लग्नगडी सुटू लागले. लग्नगडी म्हणजे कोण, हे आजच्या मुलांना सांगावं लागतं. लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे घ्यायचे आणि त्या बदल्यात नवराबायको दोघांनी त्याच्याकडे राबायचं. कर्ज कधी फिटायचं नाही, कारण हिशेबाची वही सावकाराकडे. हा मंगल शब्द आणि हा माणूस गहाण टाकण्याचा व्यवहार एकाच नावात बसले होते, याची मला अजूनही चीड येते.

मला हे पुस्तक थोर वाटतं ते भीती कशी जाते हे त्यात सापडतं म्हणून. ती एका सभेनं किंवा एका भाषणानं जात नाही. रात्री पाड्यावर बसायचं, बोलणाऱ्याचं ऐकायचं, तो गप्प झाला की वाट बघायची, सकाळी चालत पुढच्या पाड्यावर जायचं. गोदावरीबाई पुण्याच्या, कायद्याची पदवी घेतलेल्या, भारत सेवक समाजात काम केलेल्या. त्यांना ही भाषा, हे चालणं, हे जेवण, सगळं शिकावं लागलं, आणि ते शिकणं त्यांनी लपवलेलं नाही. सरकारी कागदात जमावाचा आकडा असतो, गोळ्यांचा आकडा असतो, अटकेची तारीख असते. आदल्या रात्री दहा माणसं शेकोटीभोवती काय बोलली, याचा रकाना कुठल्याच नमुन्यात नसतो.

त्याच वर्षी पावसाळा संपताना गवतकापणीचा संप झाला. या भागातलं गवत मुंबईच्या तबेल्यांना जायचं, त्यात जमीनदार आणि व्यापारी भरपूर कमवायचे. वारल्यांची मागणी होती पाचशे पौंड गवत कापण्याला अडीच रुपये. ऑक्टोबरच्या १० तारखेला तलवाड्याला माणसं जमली. गोदावरीबाईंच्या जिवाला धोका आहे, सगळ्यांनी या, अशी खोटी आवई उठवून त्यांना बोलावलं गेलं होतं. आपल्या माणसाला वाचवायला म्हणून लोक आले आणि त्यांच्यावर पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड आणि आणखी चार जण गेले. परुळेकरांना जिल्हाबंदी झाली. ही पानं मी कितीदा वाचली असतील, पण ती आवई उठते तिथं प्रत्येक वेळी मला पुस्तक खाली ठेवावं लागतं. लोकांचं प्रेम हेरून तेच त्यांच्यावर उलटवलं, ही गोष्ट गोळीइतकीच क्रूर आहे.

आता एक मतभेदही सांगते. या पुस्तकाच्या नावाशी माझं कधी पटलं नाही. माणूस जागा होतो म्हणजे आधी तो झोपलेला असला पाहिजे. जो माह्या धांगडा अनोळखी माणसांच्या एवढ्या मोठ्या परिषदेत व्यासपीठावर चढून बोलला, तो झोपलेला होता? मला वाटतं, वारली पिढ्यानपिढ्या जागेच होते. मार कधी पडेल याची धास्ती असलेल्या माणसाला झोप कुठली? त्यांच्याजवळ नव्हता तो शेजारच्या पाड्याचा भरवसा. तो जुळवून द्यायला परुळेकर पतिपत्नींनी हाडाची काडं केली, यात तिळमात्र शंका नाही. पण पुस्तक बाईंच्या हातचं आहे, त्यांच्या कम्युनिस्ट पक्षाच्या नजरेचं आहे, आणि वारली त्यात बोलतात ते बाईंच्या लेखणीतून. हे ध्यानात ठेवून वाचलं तर पुस्तक लहान होत नाही. उलट त्याच्या कडेला किती जागा मोकळी आहे, ते दिसतं.

ती मोकळी जागा भरण्याचं काम कसं करतात, ते शिकायचं तर फळीवरचं दुसरं पुस्तक काढावं लागतं. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांचं ‘आम्हीही इतिहास घडवला’, प्रकाशन १९८९. त्या नावातला ‘ही’ नीट ऐका. आंबेडकरी चळवळीवर तोवर पुष्कळ लिहून झालं होतं. महाडचं तळं, १९२७. नाशिकचं काळाराम मंदिर, १९३० पासून पुढची काही वर्षं. येवल्याची घोषणा, १९३५. सगळीकडे पुरुषांची नावं, पुरुषांची भाषणं, पुरुषांचे फोटो. मग बायका कुठं होत्या? या दोघी त्यांना शोधायला निघाल्या. जुनी वर्तमानपत्रं चाळली, ठिकठिकाणच्या म्हाताऱ्या कार्यकर्त्या गाठल्या, त्यांच्या समोर बसून त्यांना बोलतं केलं. पुस्तकाचा एक भाग इतिहासाचा आहे आणि दुसरा या बायकांचा.

त्यातली एकच गोष्ट सांगते. जुलै १९४२ मध्ये नागपूरला अखिल भारतीय दलित महिला परिषद झाली. अध्यक्ष होत्या सुलोचनाबाई डोंगरे. हजारो बायका आल्या होत्या, बाबासाहेब स्वतः बोलले. या परिषदेनं मागितलं काय? घटस्फोटाचा हक्क मागितला. पुरुषानं एकीवर दुसरी करू नये, असा कायदा मागितला. गिरणीत काम करणाऱ्या बाईला वर्षाला २१ दिवसांची रजा मागितली, अपघाताची भरपाई मागितली, निवृत्तिवेतन मागितलं. साल १९४२, श्रोतेहो. हिंदू विवाह कायदा यायला अजून तेरा वर्षं होती. ज्यांच्या घरी दोन वेळची भ्रांत होती त्या बायका मंडपात बसून ठराव मांडत होत्या आणि मंजूर करत होत्या. हे शाळेच्या पुस्तकात मी कधी शिकले नाही. मला ते या फळीवर सापडलं, तेव्हा माझं वय चाळीसच्या पुढं गेलं होतं.

तिसरी जागा दलित पँथरच्या पुस्तकांची. इथं गंमत नाही, गुंता आहे, आणि तो मला महत्त्वाचा वाटतो. १९७२ साली मुंबईत पँथर ही दलित तरुणांची लढाऊ संघटना उभी राहिली. त्या वर्षीच्या ‘साधना’ साप्ताहिकाच्या स्वातंत्र्यदिन अंकात पँथरचे एक नेते राजा ढाले यांचा ‘काळा स्वातंत्र्यदिन’ हा लेख आला आणि महाराष्ट्र ढवळून निघाला. जानेवारी १९७४ मध्ये वरळीची दंगल झाली, त्याच महिन्यात परळच्या मोर्चात भागवत जाधव मारले गेले. पुढं संघटनेत फूट पडली आणि १९७७ मध्ये ढाले आणि ज. वि. पवार यांनी ती बरखास्त केल्याचं जाहीर केलं. जेमतेम पाच वर्षांचं आयुष्य. पण त्या पाच वर्षांवर ज. वि. पवारांनी लिहिलं, नामदेव ढसाळांनी लिहिलं, अर्जुन डांगळ्यांनी लिहिलं. तिघंही आत होते. आणि तिघांचं एकमेकांशी जुळत नाही. कल्पना मुळात कुणाची, जाहीरनामा कुणाच्या विचारांचा, फुटीला जबाबदार कोण, यावर वाद आहेत. ढसाळांच्या जाहीरनाम्याचं वळण कम्युनिस्ट आहे, असा ढाल्यांचा आक्षेप होता. आंबेडकर आणि बुद्ध यांच्या वाटेनं जायचं की वर्गलढ्याच्या, हा प्रश्न तिथं जिवाभावाच्या मित्रांना तोडून गेला.

आमच्या वाचनालयात एक वाचक ही तिन्ही पुस्तकं वाचून वैतागले. म्हणाले, ‘बाई, यातलं खरं कुठलं?’ मी त्यांना म्हटलं, तिन्ही पुस्तकं टेबलावर एकाशेजारी एक उघडी ठेवा आणि एकच दिवस तिन्हींत शोधा. त्यांनी खरंच तसं केलं. दोन दुपारी बसले होते. जाताना म्हणाले, ‘मारामारीबद्दल तिघांचं एकमत आहे, श्रेयाबद्दल नाही.’ मला हे उत्तर फार आवडलं. कोण मेलं, कुणाची घरं जळली, पोलीस कुठं उभे होते, हे तिन्हीकडे सारखं येतं. म्हणून अशा पुस्तकांतल्या भांडणाला घाबरू नका. एकाच बाजूचं एकच गुळगुळीत पुस्तक वाचण्यापेक्षा भांडणारी तीन वाचलेली बरी.

ही पुस्तकं दुकानात सहज मिळतील असं नाही. काहींच्या आवृत्त्या संपलेल्या असतात, काही छोट्या प्रकाशनांनी काढलेली असतात आणि पुढं ती प्रकाशनंच बंद पडलेली असतात. अशा वेळी गावातल्या जुन्या वाचनालयात जा. ग्रंथपालाला विचारा. बऱ्याचदा ती खालच्या फळीवर, वाळवीच्या तोंडाशी असतात. आणि तुमच्या गावात गिरणी संपातले, युक्रांदमधले, म्हणजे युवक क्रांती दलातले, मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या लढ्यातले, दुष्काळात १९७२ ला खडी फोडून मजुरीसाठी मोर्चे काढलेले कुणी म्हातारे असतील, तर पुस्तक घेऊन त्यांच्याकडे जा. मोठ्यानं वाचून दाखवा. ते मधेच थांबवतील. थांबवू द्या.

हे मी शिकले ते एका मुलीकडून. वारली घरातली, आमच्या गावात परिचारिकेचं शिक्षण घेत होती. गोदावरीबाईंचं पुस्तक तिनं नेलं आणि दोनदा मुदत वाढवून घेतली. सुट्टीत पाड्यावर जायची तेव्हा आजीला वाचून दाखवायची. आजीला अक्षरओळख नव्हती. पण झरीच्या सभेच्या वेळी ती न्हातीधुती पोर होती, तिला सगळं आठवत होतं. मुलगी मला सांगायची, ‘आजी मधेच म्हणते, हे असंच झालं. मधेच म्हणते, हे बाईंना कुणीतरी चुकीचं सांगितलं. आणि मधेच नुसती चुलीकडे बघत बसते, मग मी वाचायची थांबते.’

पुस्तक परत आलं तेव्हा नियमाप्रमाणे मी पानं चाळून पाहिली. गवतकापणीच्या संपाचं पान होतं. पाचशे पौंडांना अडीच रुपये, या ओळीच्या शेजारी समासात पेन्सिलीनं, बारीक, जपून काढलेल्या अक्षरात लिहिलं होतं : ‘आजी म्हणते, काटा शेटचा असायचा. पाचशे कधी भरायचेच नाहीत.’

पुस्तकात लिहिलं तर दंड, असा आमच्या वाचनालयाचा नियम होता, आणि खोडरबर माझ्या खणातच असायचं. मी दाखल रजिस्टर काढलं, त्या पुस्तकाच्या नोंदीपुढं शेऱ्याच्या रकान्यात पान क्रमांक टाकला आणि लिहिलं : ‘समासात पेन्सिलीचा मजकूर आहे. पुसू नये.’

नमस्कार.