ठेच न लागणारा दगड

[जवळून: पितळी पत्रा, ठसा, हातोडी]
ठोक्यागणिक एक अक्षर उमटतंय. नाझींनी छळलेल्या, मारलेल्या माणसांच्या आठवणीसाठी त्यांच्या जुन्या घरापुढच्या फुटपाथवर दगड बसवतात, त्यावरचा हा पत्रा. पोलादी ठसा पत्र्यावर उभा धरायचा, हातोडी मारायची, पुढचं अक्षर घ्यायचं. पहिली ओळ बहुतेक वेळा हीच: 'इथे राहत होते'. मग नाव, जन्मसाल, कधी नेलं, कुठे मारलं. काहींच्या शेवटी नुसतंच 'पुढचं अज्ञात'. तेही ठोकूनच लिहायचं. यंत्राने हे झटकन झालं असतं. पण नाझींनी माणसं मारायचा कारखाना केला, म्हणून आठवणीच्या कामात कारखाना नको, असा हे दगड सुरू करणारे जर्मन कलाकार गुंटर डेमनिग यांचा हट्ट.

[कोलोनचे रस्ते]
जर्मनमध्ये या दगडाला श्टोल्परश्टाइन म्हणतात. श्टोल्पर्न म्हणजे ठेचकाळणं, श्टाइन म्हणजे दगड. शब्द जुनाच, एरवी वाटेतला अडथळा, कामातला खोडा अशा अर्थाने वापरतात. दगडाला ठेचकाळलं की 'इथे कुणी ज्यू पुरलेला असणार' असं म्हणायची घाणेरडी रीतही तिकडे होती. डेमनिग यांनी नेमका हाच शब्द उचलला.

1990 मध्ये ते जर्मनीतल्या कोलोन शहराच्या रस्त्यांवर रंगाची रेघ ओढत होते. मे 1940 मध्ये नाझींनी 1000 रोमा आणि सिंती (एरवी 'जिप्सी' म्हटल्या जाणाऱ्या) लोकांना ज्या वाटेने नेलं, तिच्यावरून. बघत उभ्या असलेल्या एक वयस्क बाई म्हणाल्या, आमच्या वस्तीत असले लोक कधी नव्हतेच. त्या खोटं बोलत नव्हत्या, त्यांना खरंच माहीत नव्हतं. 16 डिसेंबर 1992 ला शहराच्या टाऊन हॉलसमोर पहिला दगड बसला. त्यावर नाव नव्हतं. बरोबर 50 वर्षांपूर्वी नाझी नेता हिमलरने रोमा आणि सिंती लोकांना ऑशविट्झच्या छळछावणीत धाडण्याचा जो हुकूम काढला, त्याच्या सुरुवातीच्या ओळी होत्या. दारादारांपुढची नावं नंतर आली.

[गुडघ्यांवर बसलेले डेमनिग, रुंद काठाची टोपी]
फुटपाथची फरशी उचकटली. 10 सेंटिमीटरचा काँक्रीटचा ठोकळा, वर पत्रा. सांध्यांत वाळू, त्यावर पाणी, मग फडकं. हात फिरवून पाहा, कड लागत नाही. नाव ठेचेचं, पण पाय अडखळत नाही. वाचायचं तर वाकावं लागतं. इटालियनांनी नावातली ठेच राखली. चेक लोक मात्र 'नाहीशा झालेल्यांचे दगड' म्हणतात.

2023 मध्ये न्युरेंबर्गला 1 लाखावा दगड बसला. म्युनिकच्या सार्वजनिक रस्त्यांवर परवानगी नाही. नावं पायदळी येतात, असं तिथल्या ज्यू समाजाच्या शार्लोटे क्नोब्लोख यांचं म्हणणं.

[9 नोव्हेंबर, 1938 च्या ज्यूविरोधी हल्ल्यांचा स्मरणदिन, संध्याकाळ]
पितळ काळवंडतं. शेजारपाजारचे ब्रश घेऊन खाली बसलेत.