जँगोची दोन बोटं

(दृश्य: जुनं कृष्णधवल चित्रण. गिटारवरचा डावा हात, अगदी जवळून.)

हा हात नीट बघा. तर्जनी आणि मधलं बोट तारांवरून सरसर वर जातात, खाली येतात. अनामिका आणि करंगळी मात्र आत मुडपलेली. हा जॅझ गिटारवादक जँगो राइनहार्ट. डोळे मिटून ऐकलं तर हे सूर दोनच बोटांचे आहेत यावर विश्वास बसत नाही. मी हे चित्रण कितीदा तरी थांबवून थांबवून पाहिलंय.

(दृश्य: घोडे जुंपलेल्या गाड्यांचा तळ.)

जँगोचा जन्म २३ जानेवारी १९१० चा, बेल्जियममधल्या लिबर्शी गावी. फिरस्त्यांच्या गाडीत. त्याचे लोक मनूश, म्हणजे फ्रान्सकडचे रोमा. मनूश म्हणजे माणूस! मराठी कानाला हा शब्द परका वाटूच शकत नाही. त्यांच्या बोलीत पाण्याला पानी म्हणतात, नाकाला नाक आणि कानाला कान. शेकडो वर्षांपूर्वी भारतातून निघालेल्यांनी एवढं सांभाळून नेलं.

जँगो वाढला पॅरिसच्या वेशीबाहेरच्या तळांवर. शाळा जवळपास नाहीच. कोवळ्या वयात बॅन्जो हाती आला आणि नाचाच्या अड्ड्यांवर तो अकॉर्डियनवाल्यांना साथ करू लागला.

(दृश्य: अंधार. एक मेणबत्ती.)

१९२८. जँगो अठरा वर्षांचा. बायको बेला विकण्यासाठी सेल्युलॉइडची, म्हणजे चटकन पेटणाऱ्या प्लास्टिकची फुलं करायची, गाडी त्यांनीच भरलेली. एका रात्री मेणबत्ती कलंडली. सेल्युलॉइडच ते, क्षणात भडकलं. दोघं वाचली, पण जँगोचा उजवा पाय आणि डावा हात होरपळला. डॉक्टर पाय कापायचं म्हणाले, त्याने साफ नकार दिला. पुढचं जवळपास दीड वर्ष उपचारांत गेलं. तेव्हाच धाकट्या भावाने, जोसेफने, त्याला एक गिटार आणून दिली.

त्या अंथरुणावर जँगोने गिटारचं वादन पुन्हा पहिल्यापासून रचलं. चार बोटांचा वादक एका जागी हात ठेवून तारा बदलतो. दोन बोटांना ते जमेना, म्हणून जँगो तारेच्या लांबीने धावू लागला. आखडलेली बोटं त्याने टाकून दिली नाहीत. कॉर्ड, म्हणजे एकाच वेळी वाजणारे अनेक सूर, धरताना वरच्या तारांवर ती टेकवली. मला वाटतं, त्याच्या वादनातली ती झेप, ते घसरत जाणारे सूर या हाताच्या घडणीतूनच आले. त्याची कीव करत ऐकू नये.

(दृश्य: पॅरिसमधला रंगमंच.)

१९३४ मध्ये स्तेफान ग्रापेल्लीचं व्हायोलिन आणि जँगोची गिटार एकत्र आली. साथीला आणखी दोन गिटार, एक डबल बास. ड्रम नाही, ट्रम्पेटही नाही. ताल धरायचा तो गिटारींनीच, तारांवर ठोके देत. अमेरिकेतून आलेल्या जॅझला युरोपने स्वतःचा आवाज दिला तो या पाच जणांच्या ‘हॉट क्लब’ पंचकात.

१९३९ मध्ये युद्ध पेटलं तेव्हा पंचक लंडनमध्ये होतं. ग्रापेल्ली तिथेच थांबला, जँगो पॅरिसला परतला. नाझी रोमांना छावण्यांत डांबून मारत होते, आणि त्याच नाझींच्या ताब्यातल्या पॅरिसमध्ये एका रोमाच्या गिटारला गर्दी लोटत होती. १९४० मध्ये त्याने ‘न्युआज’ म्हणजे ‘ढग’ ध्वनिमुद्रित केलं. व्हायोलिनच्या जागी आता क्लॅरिनेट होती. ही उदास, संथ धून पॅरिसकरांनी उराशी धरली. १९४३ मध्ये त्याने स्वित्झर्लंडला निसटायचा प्रयत्न केला, पण सीमा ओलांडता आली नाही.

१९४६ मध्ये अमेरिकन जॅझ संगीतकार ड्यूक एलिंग्टनबरोबर अमेरिकेचा दौरा झाला. तिथे तो रमला नाही.

(दृश्य: सेन नदीचा संथ काठ.)

१९५१ पासून तो सामुआ-सूर-सेन या गावात राहिला. मासे पकडायचे, चित्रं काढायची. १६ मे १९५३ रोजी मेंदूत रक्तस्राव होऊन तो गेला. वय ४३.

त्याआधी महिनाभर, एप्रिलमध्ये, तो पॅरिसच्या स्टुडिओत शेवटचा वाजवून आला होता. हातात विजेची गिटार, पियानोवर तरुण मार्शल सोलाल. सूर नव्या वळणाचे, बोटं तीच दोन. ऐका.

(ध्वनी: गिटार. निवेदन थांबतं.)