ओजाचा भाव आणि ओजाची घट

मित्रहो, आज आपण एका काल्पनिक जगाचा विचार करणार आहोत. माणसाच्या अंगी, झाडांच्या मुळांत आणि वाहत्या पाण्यात साचणाऱ्या जादूच्या शक्तीला तिथले लोक ओज म्हणतात. ते ओज मोजतात, विकतात आणि उसने देतात. असे जग रचताना लेखक बहुधा आधी एककाला नाव देतो आणि नाण्यांशी त्याचे कोष्टक मांडतो. माझ्या मते कोष्टक सर्वांत शेवटी यावे. साठवलेले ओज किती दिवसांत किती घटते, हे आधी ठरवावे, कारण तिथला बाजार, कर्ज आणि सत्ता या एका उत्तरावर उभी राहते.

शक्तीचा असा व्यवहार आपल्या परंपरेला परका नाही. बालकांडात विश्वामित्र त्रिशंकूला सदेह स्वर्गात पाठवण्यासाठी आपले तपोबल वापरतात, आणि पुढे रंभेला रागाच्या भरात शाप दिल्यावर त्यांचे तप खर्ची पडते. महाभारताच्या आदिपर्वात तर थेट विक्रीची बोलणी आहेत. स्वर्गातून खाली पडणाऱ्या ययातीला त्याचे दौहित्र आपले पुण्य देऊ करतात. तो दान घेत नाही, तेव्हा वसुमना म्हणतो की दान नको असेल तर गवताच्या काडीच्या मोलाने विकत घ्या. ययाती तेही नाकारतो, कारण असा खोटा व्यवहार त्याने कधी केलेला नाही. हा प्रसंग मला फार मोलाचा वाटतो. पुण्य एकाकडून दुसऱ्याकडे जाऊ शकते हे दोघांनाही मान्य आहे. अडते ते किमतीपाशी.

खरी किंमत ठरवायची तर माप हवे. जेम्स जूल यांनी १८४० च्या दशकात वजने खाली सोडून त्यांच्या ओढीने पाण्यात वल्ह्यांचे चाक फिरवले, पाणी किती तापले ते पाहिले आणि काम व उष्णता यांचे प्रमाण काढले. एक किलो पाणी एक अंश सेल्सिअसने तापवायला सुमारे ४,२०० जूल लागतात. आपल्या कल्पित जगातला मापारीही हेच करील. नाशिकच्या तांबटाने घडवावे तसे तांब्याचे भांडे, त्यात मोजून घेतलेले पाणी, भोवती लोकरीचे वेष्टन. विकणाऱ्याने बोटे बुडवून ओज सोडायचे आणि मापाऱ्याने पारा किती चढला ते वाचायचे. अडचण अशी की मोजलेले ओज पाण्यात उष्णता होऊन संपते. सगळा माल मोजला तर विकायला काही उरत नाही, म्हणून मोजता येतो तो फक्त नमुना आणि उरलेल्या मालाचा भाव विश्वासावर ठरतो. लासलगावच्या लिलावात व्यापारी ट्रॉलीतला वरचा कांदा हातात घेऊन बोली लावतो, आणि ट्रॉली रिकामी होताना खालचा माल वेगळा निघाला की वाद उभा राहतो. ओजाच्या बाजारात हा वाद रोजचा असेल, आणि तो मिटवणारा मापारी राजाच्या प्रधानाइतका वजनदार असेल.

आता घटीकडे येऊ. उन्हाळ कांदा चाळीत भरणाऱ्या शेतकऱ्याला ती समजावून सांगावी लागत नाही. वैशाखात भरलेला कांदा वजनात उतरतो, काही सडतो, पावसाळी हवेत काहींना मोड येतात, आणि तरीही भाव वाढेल या आशेने तो ठेवला जातो. विजेचे गणित याहून कडक आहे. मोठ्या प्रमाणावर ती साठवणे महाग पडते, म्हणून २००८ पासून चालू असलेल्या आपल्या वीजबाजारात दिवसाचे पंधरा-पंधरा मिनिटांचे ९६ तुकडे करून प्रत्येकाचा भाव वेगळा ठरतो. ओज मुळीच घटत नसेल तर ते सोन्यासारखे पिढ्यान्‌पिढ्या काही घराण्यांत साचत जाईल. विजेसारखे असेल तर ज्याच्या अंगी या क्षणी ओज आहे तोच बलवान. कांद्यासारखे असेल, तर मात्र व्याजाची दिशाच उलटू शकते, आणि मला सर्वाधिक ओढ आहे ती या शक्यतेची.

समजा, कोठारवाल्याकडे चैत्रात शंभर मात्रा ओज आहे आणि दिवाळीपर्यंत त्यातले साठच उरणार आहे. मग ते शंभर आज उसने देऊन दिवाळीला ताजे ऐंशी परत घेण्यातही त्याचा फायदा आहे. ऋणको कमी फेडतो आणि धनको तरीही खूश असतो. हे कर्ज फेडू शकतो तो, ज्याच्या अंगी रोज नवे ओज साचते: कष्टकरी, धट्टाकट्टा तरुण, नदीकाठचा कोळी. कोठारवाल्याची खरी संपत्ती अशा माणसांच्या हंगामी शब्दात असते, आणि तो शब्द पक्का करण्यासाठी तो आषाढातच उचल देऊन त्यांना बांधून घेईल. उचलीच्या करारात ओज मजुराच्या दारी मोजायचे की कोठाराच्या दारी, एवढे एकच कलम लिहिलेले असेल. कोठार दोन दिवसांच्या वाटेवर असेल, तर वाटेतली घट त्या कलमाप्रमाणे एकाच्या वाट्याला जाईल, आणि ते कलम वाचता येणारा माणूस गावात एखादाच असेल.