नकाशावर नसलेल्या देशाची माणसं

मित्रहो,

१८५४ साली, नाताळच्या आदल्या दिवशी, टेक्सासच्या एका माळावर शंभरेक शेतकरी कुटुंबं येऊन पोहोचली. ती अप्पर सायलेशियातली, म्हणजे तेव्हा प्रशिया या जर्मन राज्याच्या ताब्यात असलेल्या पोलिश भाषिक मुलखातली. गॅल्व्हेस्टन बंदरात उतरून, सामान बैलगाड्यांवर टाकून, पुढची सगळी वाट पायी तुडवत ती आली होती. त्यांना बोलावून घेणारे फादर लेओपोल्ड मोचिगेम्बा त्यांच्याच गावाकडचे. राहायला घरं नव्हती, म्हणून काहींनी जमिनीत खड्डे खणून त्यावर गवत शाकारलं. असं असूनही १८५६ पर्यंत त्यांचं चर्च उभं राहिलं होतं. त्या वस्तीला त्यांनी पान्ना मारिया, म्हणजे कुमारी मारिया, असं नाव दिलं. अमेरिकेतली सगळ्यात जुनी, आजही नांदती पोलिश वसाहत ती हीच.

चर्चची एवढी घाई कशासाठी? श्रद्धा होतीच, पण कारण तेवढंच नव्हतं. रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया यांनी तीन हप्त्यांत पोलंड वाटून घेतला. १७९५ ते १९१८ अशी १२३ वर्षं हा देश नकाशावर नव्हता. परदेशी गेलेला पोलिश माणूस कागदोपत्री झारचा नाही तर कैसरचा प्रजाजन असायचा. त्याच्या बाजूने उभा राहील असा वकील नव्हता, की त्याची भाषा शिकवणारं सरकार नव्हतं. म्हणून जी कामं सरकारने करायची ती या लोकांनी परक्या भूमीवर स्वतःच्या अंगावर घेतली आणि ती करताना आपसांत कडाडून भांडले. ती भांडणं मला फार महत्त्वाची वाटतात. आपलं म्हणून काही उभं केलं होतं, म्हणूनच तर ते कुणाच्या ताब्यात राहावं यावर वाद झाले.

शिकागोचं उदाहरण घ्या. खेड्यात जमिनीचे इतके तुकडे झाले होते की धाकट्या भावाच्या वाट्याला काही उरत नसे. असे लाखो लोक पोटासाठी अमेरिकेत उतरले, कत्तलखान्यांत, पोलाद कारखान्यांत, कोळशाच्या खाणींत राबले. १८६७ साली शिकागोत संत स्तानिस्लाव कोस्तका यांच्या नावाचा पॅरिश, म्हणजे एक चर्च आणि त्याला जोडलेला भाविकांचा समाज, सुरू झाला. शतक संपता संपता तो अमेरिकेतल्या सगळ्यात मोठ्या पॅरिशांपैकी एक झाला. पॅरिश म्हटलं की नुसती प्रार्थनेची जागा डोळ्यांसमोर आणू नका. त्याच्या आधाराने शाळा होती, गायनमंडळं होती, नाटकं होत होती, वर्तमानपत्र निघत होतं. आणि होते मदतफंड. कारखान्यात माणूस मेला तर विधवेच्या हाती काय पडणार, या प्रश्नाचं उत्तर सभासदांच्या छोट्या छोट्या वर्गणीतून निघत असे. पुढे अमेरिकेत बलाढ्य झालेल्या पोलिश संघटना या विम्याच्या जोरावर वाढल्या.

त्यातल्या दोन मोठ्या. १८७३ मधली पोलिश रोमन कॅथलिक युनियन म्हणायची, आधी धर्म सांभाळा, मग देश आपोआप सांभाळला जाईल. १८८० मधली पोलिश नॅशनल अलायन्स म्हणायची, पोलंड स्वतंत्र व्हावा असं ज्याला वाटतं तो आमचा, मग त्याची श्रद्धा काही का असेना. हा वाद सभांपुरता राहिला नाही. स्तानिस्लावपासून हाकेच्या अंतरावर दुसऱ्या गटाने होली ट्रिनिटी हे चर्च बांधलं, आणि या झगड्यापायी त्याला कित्येक वर्षं कुलूप होतं. अमेरिकेतले बिशप बहुतेक आयरिश किंवा जर्मन. पोलिश मजुरांनी पै-पै जमवून बांधलेल्या चर्चची मालमत्ता मात्र बिशपच्या नावावर. पेनसिल्व्हेनियातल्या स्क्रँटनमध्ये खाणकामगारांनी विचारलं, पैसे आमचे, मग कारभारात आमचा शब्द का नाही? त्यातून १८९७ साली फादर फ्रांचिशेक होदुर यांच्या मागे स्वतंत्र पोलिश नॅशनल कॅथलिक चर्च उभं राहिलं. रोमने होदुर यांना बहिष्कृत केलं, तरी लोक हटले नाहीत. शिकागोत पहिला पोलिश वंशाचा बिशप नेमला गेला तो १९०८ साली. या दबावाशिवाय तेवढंही घडलं असतं असं मला वाटत नाही.

जर्मनीतल्या रूर खोऱ्यात पोलिश खाणकामगारांनी १९०२ मध्ये बोखुमला स्वतःची कामगार संघटना काढली. पहिल्या महायुद्धानंतर त्यांतले पुष्कळ जण उत्तर फ्रान्सच्या खाणींकडे वळले. फ्रान्सचा थोर फुटबॉलपटू रेमों कोपा हा अशाच एका खाणकामगाराचा मुलगा, मूळ आडनाव कोपाशेव्स्की. मंदी आली तेव्हा याच मजुरांना कुटुंबांसकट आगगाडीत बसवून परत धाडण्यात आलं. लागतील तेव्हा बोलवायचं आणि नको झाले की हाकलायचं, हा स्थलांतरितांचा जुनाच अनुभव आहे.

आता आपल्या घराजवळ येऊ. १९३९ मध्ये सोव्हिएत सैन्याने पूर्व पोलंड घेतला. १९४० पासून लाखो लोकांना मालडब्यांत कोंबून सायबेरिया आणि कझाकस्तानला नेलं. हिटलरने रशियावर हल्ला केल्यावर स्टालिनला तडजोड करून या लोकांना सोडावं लागलं, आणि १९४२ मध्ये त्यांच्यातूनच उभ्या राहिलेल्या, पोलिश जनरल अँडर्स यांच्या सैन्याबरोबर हजारो बायका-मुलं कास्पियन समुद्र ओलांडून इराणला पोहोचली. पुढे ती पूर्व आफ्रिका, मेक्सिको, न्यूझीलंड इथे विखुरली. काही भारतात आली. जामनगरजवळ बालाचडीला जामसाहेब दिग्विजयसिंहजींनी मुलांना आसरा दिला. सगळ्यात मोठी छावणी मात्र कोल्हापूरजवळ वळिवड्याची. १९४३ ते १९४८ या काळात तिथे सुमारे पाच हजार पोलिश लोक राहिले.

त्या बराकींत त्यांनी काय केलं पाहा. चर्च, शाळा, दवाखाना, बालवीर पथक, नाटकाचा रंगमंच. शिकागोच्या मजुरांनी जे उभारलं तेच इथे, तेही बहुतेक बायकांनी, कारण पुरुष आघाडीवर होते किंवा मेले होते. १९४५ च्या जुलैत ब्रिटन आणि अमेरिकेने लंडनमधल्या निर्वासित पोलिश सरकारची मान्यता काढून घेतली. या लोकांची गावं आता सोव्हिएत हद्दीत गेली होती, परतायचं कुठे? अनेक कुटुंबं ब्रिटनला गेली. तिथे अँडर्सच्या सैनिकांसाठी १९४७ मध्ये पुनर्वसनाचा कायदा झाला होता. वळिवड्यात त्यांच्यानंतर फाळणीत घरदार गमावलेले सिंधी आले, आणि छावणीचं गांधीनगर झालं. निर्वासितांच्या मागून निर्वासित! तो परिसर या नजरेने आपण फार कमी पाहतो.

ब्रिटनला गेलेल्यांनी पुढे संघटना काढली, तिचं नावच ‘भारतातील पोलिश लोक, १९४२–४८’ अशा अर्थाचं. त्यांनी आपल्या आठवणी लिहून काढल्या, छापल्या, म्हातारपणी कोल्हापुरात येऊन आपल्या माणसांची थडगी पाहिली. आपल्या बाजूच्या आठवणी मात्र त्या मानाने फार थोड्या कागदावर आल्या आहेत. छावणीत दूध कोण घालायचं, भाजी कुठून यायची, दुकानदार त्या बायकांशी कोणत्या भाषेत बोलायचे, उधारी चालायची का? हे ज्यांनी डोळ्यांनी पाहिलं ते आता नव्वदीच्या घरात असतील. करवीर, हातकणंगले या बाजूला तुमचं कुणी असेल तर या सुट्टीत जा, त्यांच्यापाशी बसा आणि हे प्रश्न विचारा. मोबाइलवर आवाज टिपून घ्या, नाव-गाव-साल नीट लिहा. जे मिळेल त्याची एक प्रत जिल्ह्यातल्या एखाद्या ग्रंथालयात द्या.