ओसीको : आवाज फाटतो, तरी शब्द कळतात ते कसे?

नमस्कार. मेक्सिको सिटीच्या ‘ओसीको’ या दोघांच्या संगीतगटाविषयी मी मागे एका व्हिडिओत जेमतेम दोन मिनिटे बोललो होतो, आणि तेव्हापासून विषय कोणताही असला तरी खाली त्यांच्याबद्दलचे प्रश्न येतच आहेत. हे मेटल आहे का, हे टेक्नो आहे का, गायक सतत एवढा संतापलेला का असतो, असे ते प्रश्न आहेत. सर्वांत जास्त वेळा आलेला प्रश्न मात्र वेगळा आहे आणि तो विचारणारे बहुतेक जण स्वतः घरी गाणी करणारे आहेत : आम्ही असा फाटलेला आवाज काढायला गेलो की नुसता चिखल होतो, त्यांचा मात्र शब्दन् शब्द कळतो, हे कसे? आजचा बराचसा वेळ मी या शेवटच्या प्रश्नासाठी राखून ठेवला आहे.

त्याआधी उच्चार. कृपया ‘होसिको’ किंवा ‘होकिको’ म्हणू नका. स्पॅनिशमध्ये शब्दाच्या सुरुवातीचा ‘एच’ बोलला जात नाही आणि मेक्सिकोत ‘आय’च्या आधीचा ‘सी’ हा ‘स’सारखा उच्चारतात, म्हणून ‘ओसीको’. अर्थ आहे जनावराचे पुढे आलेले तोंड, म्हणजे मुस्कट. माणसाच्या तोंडाला तोच शब्द लावला की तो अपमान होतो. आपण जेथे ‘थोबाड बंद कर’ म्हणू, तेथे मेक्सिकोतला माणूस हा शब्द वापरतो. ज्या गटाचे सगळे बळ गायकाच्या तोंडात आहे, त्याने स्वतःला ‘थोबाड’ म्हणवून घेतले आहे, हे नाव मला फार नेमके वाटते.

हा गट १९९३ साली स्थापन झाला. गायक एर्क ऐक्राग आणि वाद्यांची बाजू सांभाळणारा राक्सो आग्रोयाम हे एकमेकांचे चुलतभाऊ-आतेभाऊ अशा नात्यातले आहेत. ही नावे घेतलेली आहेत : गार्सिया हे आडनाव रोमन लिपीत उलटे लिहिले की ‘ऐक्राग’ होते, मायोर्गाचे ‘आग्रोयाम’ होते आणि ऑस्करचे ‘राक्सो’. हे मी पूर्वी सांगितले तेव्हा एका प्रेक्षकाने तक्रार केली की ‘गार्सिया’ उलटे वाचले तर ‘यार्सिगा’ होते, तुम्ही चुकीचे सांगत आहात. त्यांचे निरीक्षण अगदी बरोबर आहे, कारण आपण मराठीत शब्द उलटतो तो अक्षराने. ‘चिमा काय कामाची’ उलटीकडून तशीच वाचता येते ती प्रत्येक अक्षर आपली मात्रा-वेलांटी घेऊनच फिरते म्हणून. रोमन लिपीत स्वर सुटा असतो, तो व्यंजनाला सोडून दुसरीकडे जाऊन बसतो, आणि त्यामुळे ओळखीच्या आडनावातून इतका परका आवाज निघतो.

संगीतप्रकाराचा पाया मी भराभर सांगतो, कारण तो तुमच्यापैकी अनेकांना माहीत आहे. १९७६ साली थ्रॉबिंग ग्रिसल या ब्रिटिश गटाने ‘इंडस्ट्रियल रेकॉर्ड्स’ ही कंपनी काढली आणि तिच्या नावावरून ‘इंडस्ट्रियल’ हा शब्द रूढ झाला. पुढे बेल्जियमच्या फ्रंट २४२ या गटाने नाचता येईल असा कठोर, कवायतीसारखा ठेका आणला, कॅनडातील व्हँकूव्हरच्या स्किनी पपीने त्यात भीती आणि बिघडवलेला आवाज आणला, आणि १९९० च्या दशकात जर्मनीत वुम्पस्कुट आणि बेल्जियममध्ये सुइसाइड कमांडो यांनी हे सगळे अधिक काळे, अधिक वेगवान केले. त्या टोकाला पुढे ‘अ‍ॅग्रोटेक’ हे नाव पडले. ओसीको त्याच्या अगदी आघाडीचा गट आहे.

हे मेटल नाही. मेटलचा कणा गिटार असतो आणि येथे कणा आहे सिंथेसायझरवरचा, यंत्राने एकसारखा वाजवलेला बेस, म्हणजे खालच्या पट्टीतले सूर. हे टेक्नोही नाही, कारण येथे कडवी आहेत, ध्रुवपद आहे, आणि त्यावर एक अतिशय उदास, जवळजवळ गोड म्हणावी अशी धून आहे. ही धून लोकांच्या ध्यानात येत नाही याचे मला मनापासून वाईट वाटते. ‘नुसता गोंगाट’ असा अभिप्राय लिहिणाऱ्यांना माझी विनंती आहे, की एकदा आवाजाकडे दुर्लक्ष करून फक्त वरच्या पट्टीतल्या सिंथकडे कान द्या. ती धून तुम्हाला गुणगुणता येईल.

दुसरा एक अभिप्राय असा, की मेक्सिको म्हणजे मारियाची हे पारंपरिक संगीत, तेथे असले युरोपीय संगीत उसने आणलेले आहे. मला हे मान्य नाही. सप्टेंबर १९७१ मध्ये मेक्सिकोतल्या आवांदारोला रॉक संगीताचा प्रचंड महोत्सव झाला आणि त्यानंतर सरकारच्या रोषामुळे रॉक संगीताला मोठी सभागृहे आणि रेडिओ जवळजवळ बंद झाले. ते संगीत शहराच्या कडेच्या वस्त्यांत, गोदामांत, ‘ओयोस फोंकी’ म्हणजे ‘बिळे’ असे नाव पडलेल्या जागांत तगून राहिले. १९८० पासून मेक्सिको सिटीत चोपो संग्रहालयाच्या नावाने शनिवारचा बाजार भरू लागला, तो आजही भरतो, आणि रेकॉर्ड आणि कॅसेट यांची अदलाबदल करणारी, काळे कपडे घालणारी मुले तेथे पिढ्यान् पिढ्या जमत आली आहेत. ओसीकोच्या स्थापनेनंतरच्या एकाच वर्षात, १९९४ मध्ये, चियापास राज्यात झापातिस्त या बंडखोरांचा सशस्त्र उठाव झाला, राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार लुईस दोनाल्दो कोलोसियो यांची तिहुआनात भर सभेत हत्या झाली आणि डिसेंबरात पेसो हे चलन कोसळले. अशा शहरात वाढलेल्या दोन तरुणांना संताप युरोपातून मागवावा लागला असेल, असे मला वाटत नाही. यंत्रे आणि ठेका बाहेरून आला, हे खरे. त्यात ओतलेले मात्र त्यांचे स्वतःचे होते, आणि म्हणूनच जर्मनीतील ‘आउट ऑफ लाइन’ या कंपनीने त्यांचे अल्बम काढले आणि लाइपझिगच्या वेव्ह गोटिक ट्रेफेन महोत्सवात त्यांना पुन्हा पुन्हा बोलावणे आले.

आता मुख्य मुद्दा. माझे पोट ध्वनिमुद्रणावर चालते, आणि गेल्या काही महिन्यांत तुमच्यापैकी अनेकांनी आपापली मुद्रणे मला ऐकायला पाठवली. जवळजवळ सगळ्यांची चूक एकच आहे : तुम्ही आवाजाला आधी रिव्हर्ब लावता आणि मग डिस्टॉर्शन. क्रम उलटा हवा. आधी आवाज फाडा, मग त्याला घुमारा द्या.

हे नीट समजून घेऊ. डिस्टॉर्शन काय करते? ते आवाज आधी खूप मोठा करते आणि एका पातळीच्या वर गेलेला भाग छाटून टाकते. मोठ्या आवाजाचा शेंडा उडतो, पण लहान आवाज मात्र मोठा होऊन त्याच पातळीवर येऊन बसतो. खुर्चीची करकर, श्वास, ओठ विलग होतानाचा बारीक ‘चट्’ आवाज, हे सगळे वर येते. म्हणजे या यंत्राच्या तोंडाशी जे काही बारीक असेल, ते बाहेर पडताना ठळक होणार. आता रिव्हर्ब म्हणजे काय? आवाज संपल्यावर मागे रेंगाळणारी, विरत जाणारी बारीक शेपटी. ही शेपटी तुम्ही डिस्टॉर्शनच्या आधी जोडलीत, तर तिचे विरणेच नाहीसे होते. मूळ आवाजाच्या दहाव्या हिश्श्याएवढी उरलेली शेपटी दहापट वाढवून छाटली, की ती आणि मूळ आवाज सारखेच मोठे होतात. शिवाय दोन आवाज एकत्र फाडले, की त्या दोन्हींत नसलेले तिसरेच सूर त्यातून निघतात, आणि ते बहुतेक वेळा कोणत्याही सुराशी जुळत नाहीत. मागच्या अक्षराची शेपटी आणि पुढचे अक्षर यांची अशी खिचडी होते, आणि ती वेगळी करण्याचा उपाय नाही.

तरीही अनेकांनी मला लिहिले, की फरक फारसा पडत नाही. म्हणून आकडे मांडतो. समजा, गाण्याची गती मिनिटाला १३० ठोके आहे. मग एक ठोका साधारण ०.४६ सेकंदाचा झाला, आणि प्रत्येक ठोक्यात बेसचे चार सूर धरले तर एक सूर साधारण ०.११५ सेकंदाचा. तुम्ही दोन सेकंदांचा रिव्हर्ब लावलात आणि तो फाडलात, तर प्रत्येक अक्षर चार ठोक्यांहून अधिक काळ, म्हणजे बेसचे सतरा सूर वाजून जाईपर्यंत, मोठ्यानेच ओरडत राहू शकते. तेवढ्या वेळात गायकाने पुढची आठ-दहा अक्षरे उच्चारलेली असतात. ती ऐकू येणार कुठून? हाच रिव्हर्ब डिस्टॉर्शननंतर लावला, तर शेपटी विरत जाते, पुढच्या अक्षराला वाट मिळते, आणि खोली मात्र तेवढीच मोठी वाटते. ओसीकोची गाणी हेडफोन लावून ऐका : आवाज पुरता फाटलेला आहे, पण त्यामागची पोकळी स्वच्छ आहे.

आकड्यांनीही पटले नसेल, तर आपल्या सर्वांच्या अनुभवातली गोष्ट सांगतो. लहानपणी आमच्या आळीच्या गणेशोत्सवात मांडवातून माइकवर घोषणा होत असे. निवेदकांच्या आवाजाला भरपूर इको दिलेला असायचा, आणि तो आवाज पुढे बांबूला बांधलेल्या कर्ण्यात जाऊन त्याच्या ताकदीबाहेर फाटायचा. आधी घुमारा, मग फाटणे. म्हणजे नेमका तुमचाच क्रम. एकदा माझा धाकटा भाऊ गर्दीत चुकला आणि त्याचे नाव तीन-चारदा पुकारले गेले. आई आणि मी कर्ण्याच्या अगदी खाली उभे होतो, आणि आम्हाला एवढेच कळत होते की कोणाचे तरी नाव पुकारत आहेत. ‘निळा शर्ट’ यातला ‘ळ’ आणि ‘ट’ मागच्या घुमाऱ्यात बुडून गेले होते. अखेर मांडवाच्या पायरीवर बसलेला तो आम्हाला दिसला म्हणून सापडला. पुढे मी हे काम शिकलो तेव्हा तो प्रसंग मला पुन्हा पुन्हा आठवत असे, कारण आवाज मोठा असूनही शब्द का हरवतो, याचे त्याहून स्पष्ट उदाहरण मला मिळालेले नाही.

येथे एक जुना प्रयोग सांगण्यासारखा आहे. १९४० च्या दशकात अमेरिकेत जे. सी. आर. लिकलायडर या मानसशास्त्रज्ञांनी बोलण्याच्या ध्वनिलहरींचे शेंडे अत्यंत निर्दयपणे छाटून पाहिले, आणि तरीही बोलणे बऱ्याच प्रमाणात समजत राहते असे दाखवून दिले. म्हणजे आवाज फाडल्याने शब्द मरत नाहीत. ते इतर कशाबरोबर फाडल्याने मरतात.

आता गायकाकडे येतो, कारण क्रम सुधारल्यावरही काही जणांचे शब्द कळत नाहीत. फाटलेल्या आवाजात लांबवलेला स्वर निरुपयोगी असतो, तो नुसता खरखरत राहतो. तुम्ही माइकसमोर आधी ‘आऽऽऽ’ म्हणा आणि मग ‘तट्, पक्, कट्’ म्हणा. पहिला आवाज कोणाचाही वाटेल, दुसऱ्यात तोंड दिसेल. ऐक्राग इंग्रजी आणि स्पॅनिश या दोन्ही भाषांत गातो, आणि दोन्हींत तो व्यंजन दाताने तोडल्यासारखे टाकतो आणि स्वर आखूड ठेवतो. शिवाय तो सतत सारख्या जोराने गातो. हा संयम आहे. ‘हा माणूस नुसता ओरडतो’ असे लिहिणाऱ्यांनी चार मिनिटे न ढळता, लयीत, एका पातळीवर ओरडून पाहावे, म्हणजे त्यामागची मेहनत त्यांच्या घशाला कळेल. मात्र घसा ताणून खरखर काढण्याचा प्रयत्न कृपया करू नका. खरखर यंत्राला काढू द्या, तुम्ही उच्चार द्या.

कुठून ऐकायला सुरुवात करावी, असे विचारणाऱ्यांनी १९९९ चा ‘सांग्रे इर्विएंते’ म्हणजे ‘उकळते रक्त’ आणि २००२ चा ‘सिग्नोस दे आबेरासिओन’ हे दोन अल्बम आधी घ्यावेत. पहिल्यात कच्चा संताप आहे. दुसऱ्यात मी म्हणालो ती धून पूर्ण फुललेली आहे. त्यानंतर २०१० चा ‘तिएम्पोस दे फुरिया’ ऐका. आवाज आवडला नाही आणि यंत्रेच ऐकायची असतील, तर राक्सोचा स्वतंत्र प्रकल्प ‘दुल्से लिकिदो’ आहे. ऐक्रागचा स्वतःचा ‘राबिया सोर्दा’ आहे, ज्याचा अर्थ होतो ‘बहिरा संताप’.

कोल्हापूरहून एका प्रेक्षकाने महिन्याभरापूर्वी आपले मराठी गाणे पाठवले होते. त्यातली ‘काठावर उभा’ एवढी ओळ मला सहा वेळा ऐकूनही लागली नव्हती. मी त्यांना फक्त क्रम बदलायला सांगितला, बाकी कशालाच हात लावू नका म्हटले. परवा त्यांनी ते पुन्हा पाठवले, आणि ‘ठ’ पहिल्याच ऐकण्यात स्पष्ट आला. आता त्यांच्या ओळींचे शेवट तुटत आहेत, कारण खुर्चीची करकर काढण्यासाठी लावलेला गेट, म्हणजे आवाज बारीक झाला की तो बंद करणारी सोय, फार लवकर मिटतो आणि ‘उभा’मधला ‘भा’ अर्धाच उरतो. तो गेट थोडा उशिरा मिटू द्या, आणि गाणे मला पुन्हा पाठवा.