मातीच्या पोटातली वाइन : जॉर्जियाचे रांजण आणि जॉर्जियाचा बाजार

(दृश्य : काखेती प्रांत. सकाळचं धुकं विरतंय, मागे बर्फाच्छादित डोंगररांग.)

समोर दिसते ती कॉकेशसची रांग. पलीकडे रशिया, अलीकडे जॉर्जिया. खाली सपाटीतून अलाझानी नदी वाहते आणि तिच्या दोन्ही अंगांना नजर पोचेल तिथवर द्राक्षाच्या बागा पसरल्या आहेत. चाळीस लाखांच्या आत लोकवस्तीचा हा देश. त्याची बहुतेक वाइन या एका खोऱ्यातून येते.

सप्टेंबर सरत आला की इथे रत्वेली सुरू होते. रत्वेली म्हणजे द्राक्षांची तोडणी, आणि तोडणीचा सणही. राजधानी तिबिलिसीत नोकरी करणारी मुलं, सुना, नातवंडं सगळी गावाकडे येतात. कुणाच्या बागेत आधी तोड लावायची ते शेजारी-शेजारी मिळून ठरवतात.

(दृश्य : तोडणी, जवळून.)

हा घड नीट बघा. जात रकात्सितेली, इथली सगळ्यात जास्त लावली जाणारी पांढरी द्राक्षं. मणी लहान, साल जाड, आणि पिकल्यावर देठाला येणारी ही लालसर झाक. खायच्या द्राक्षासारखा टपोरा, तुकतुकीत मणी इथे कुणाला नको असतो. साल जाड असेल तेवढं चांगलं, कारण चव सालीत असते. शेजारच्या ओळीत सापेरावी आहे. ही काळी द्राक्षं. बहुतेक काळ्या द्राक्षांचा गर आतून पांढराच असतो, सापेरावीचा मात्र लाल. मणी बोटांत चिरडला की रंग नखांत बसतो आणि आठवडाभर हटत नाही. बाईंचे हात बघा. तोडणीच्या दिवसांत गावातल्या प्रत्येकाचे हात असेच.

जॉर्जियात द्राक्षांच्या 500 हून अधिक स्थानिक जाती नोंदलेल्या आहेत. बाजारात चालतात त्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या.

(दृश्य : लाकडी डोणीत द्राक्षं तुडवली जातायत.)

घड इथे येऊन पडतात. एका अखंड ओंडक्यातून कोरलेली ही डोण. पाय स्वच्छ धुऊन माणसं आत उतरतात आणि तुडवायला लागतात. पायच का? यंत्रात बी फुटते, आणि बी फुटली की रसाला कडवटपणा येतो. पायाखाली मणी फुटतो, बी शाबूत राहते. डोणीच्या तोंडातून रस खाली वाहतोय, तो थेट जमिनीकडे.

हो, जमिनीकडेच. या खोलीला मरानी म्हणतात, घरातली वाइनची खोली. वरवर पाहिलं तर रिकामी वाटते. पण फरशीत ही गोल तोंडं दिसतायत ना? प्रत्येक तोंडाखाली एक रांजण आहे, गळ्यापर्यंत पुरलेला. त्याचं नाव क्वेव्री. काही रांजण घागरीएवढे, काहींत दोन-तीन हजार लिटर मावेल एवढे.

काखेतीची रीत अशी की रसाबरोबर साल, बी आणि पिकलेले देठसुद्धा रांजणात जातात. वरून काही घालत नाहीत. सालीवर जे नैसर्गिक यीस्ट असतं तेच काम करतं. दोन-तीन दिवसांत रस फसफसायला लागतो.

(ध्वनी : फसफस. निवेदन थांबेल. पाच सेकंद फक्त हा आवाज.)

साली उसळून वर येतात, त्यांचा जाड थर बनतो. लांब दांड्याने तो थर दिवसातून तीन-चार वेळा खाली दाबावा लागतो. रात्रीसुद्धा. घरातलं कुणीतरी झोपेतून उठून येतं, दांडा मारतं आणि परत जातं. दोन-तीन आठवड्यांनी फसफस ओसरते, साली दमून तळाला जातात. मग रांजणावर झाकण ठेवून कडेने ओली माती लिंपतात. आता वसंतापर्यंत कुणी हात लावायचा नाही.

रांजणाचा आकार अंड्यासारखा, खाली निमुळता. त्यामागे मोठी अक्कल आहे. बिया जड, त्या आधी टोकात जाऊन बसतात. त्यांच्यावर साली बसतात, सालींवर बारीक साका. कडवटपणा देणाऱ्या बिया अशा सालींखाली झाकल्या जातात आणि वर वाइन आपोआप नितळ होते. भोवतालची माती हिवाळ्यात गोठू देत नाही, उन्हाळ्यात तापू देत नाही. वीज नाही, पंप नाही, गाळणी नाही. पाच-सहा महिन्यांनी पांढऱ्या द्राक्षांतून ही अशी मधाच्या रंगाची, तुरट वाइन निघते. जगात आता तिला अंबर वाइन म्हणून ओळखतात. उरलेला चोथाही वाया जात नाही, त्यातून दारू गाळतात.

(दृश्य : कुंभाराचं अंगण, वार्दिसुबानी.)

आता आपण तेलावी शहराजवळच्या वार्दिसुबानी गावात आहोत. वाइनवरच्या माहितीपटात कुंभाराचं घर कशाला, असं वाटेल. पण या कुंभाराशिवाय वरचं काहीच घडत नाही.

क्वेव्री चाकावर होत नाही. एवढं ओझं कुठलं चाक पेलणार? इथे भांडं जागेवर असतं आणि कुंभार त्याच्याभोवती फिरतो. मातीची मनगटाएवढी जाड वळी घ्यायची, कडेवर बसवायची, अंगठ्याने आतून दाबायची, तळव्याने बाहेरून सारवायची. एका दिवसात वीतभर चढली की थांबायचं. खालचा थर थोडा आवळला नाही तर वरचं वजन पेलत नाही, भिंत पोटातून फुगते आणि सगळंच बसतं. म्हणून एका वेळी पाच-सहा रांजण हाताखाली असतात. आज याच्यावर एक थर, उद्या त्याच्यावर. मोठा रांजण उभा राहायला दोन-तीन महिने सहज जातात. साचा नाही, मोजपट्टी नाही. कुंभाराचा हात बघा, कडेवरून फिरताना तो जाडी मोजतोय. कुठे बोटभर कमी वाटली की तो थांबतो आणि मातीचा गोळा घेऊन ती जागा भरतो.

मग सावलीत वाळवण. मग भट्टी. रांजण आत ठेवून भट्टीचं दार विटांनी चिणतात आणि आठवडाभर लाकडं जाळतात. आच हळूहळू चढवायची. घाई केली की तडा. आणि तडा गेलेला रांजण फुकट, कारण तो जमिनीत पुरायचा आहे. पुरल्यावर गळती लागली तर कळणार कशी आणि काढणार कशी? भट्टी निवत आली, रांजण अजून कोमट आहे, तेवढ्यात आतून मधमाशांचं मेण फिरवतात. मातीची छिद्रं ते मेण पिऊन घेतात. बाहेरून चुन्याचा थर देतात. एवढं झालं की तो रांजण शंभर वर्षंसुद्धा कामाला येतो.

हे काम करणारी घरं आता देशभरात मोजकी उरली आहेत. काखेतीत थोडी, पश्चिमेला इमेरेती आणि गुरिया प्रांतांत थोडी. कुठे बापानंतर मुलगा शिकला, कुठे शिकायला कुणीच नव्हतं.

(दृश्य : तिबिलिसी, राष्ट्रीय संग्रहालय.)

काचेआडचं हे मडकं इसवी सनापूर्वीच्या सहाव्या सहस्रकातलं आहे. उठावातले हे गोळे द्राक्षाच्या घडासारखे दिसतात. 2017 साली तिबिलिसीच्या दक्षिणेकडच्या गादाच्रिली गोरा आणि शुलावेरिस गोरा या वस्त्यांमधल्या खापरांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. खापरांत मुरलेल्या अवशेषांत टार्टारिक आम्ल सापडलं. ही द्राक्षाची खूण. काळ निघाला सुमारे 8000 वर्षांपूर्वीचा. द्राक्षाच्या वाइनचा याहून जुना रासायनिक पुरावा तोवर कुठेच मिळाला नव्हता.

ख्रिस्ती धर्म इथे चौथ्या शतकात आला तोही द्राक्षवेल धरून. संत निनोचा क्रूस वेलीच्या काड्यांचा, स्वतःच्या केसांनी बांधलेला, अशी श्रद्धा आहे. अकराव्या शतकातलं कॅथेड्रल असलेल्या या अलावेर्दी मठात आजही भिक्षू रांजणात वाइन करतात.

(दृश्य : जुन्या कारखान्याचे सोव्हिएत काळातले फोटो.)

सोव्हिएत राजवटीत बागा सामूहिक झाल्या, वाइन कारखान्यांत गेली. लिटर मोजले जायचे, चव नाही. रशियाला गोडसर लाल वाइन आवडायची, म्हणून किंदझमराउली, ख्वांचकारा ही नावं मोठी झाली. रांजण उरले ते घरापुरते. 1985 मध्ये गोर्बाचोव्ह यांनी दारूविरोधी मोहीम काढली आणि पिढ्यान्‌पिढ्या जोपासलेल्या वेली मुळासकट उपटल्या गेल्या. 1991 मध्ये देश स्वतंत्र झाला, तरी गिऱ्हाईक तेच राहिलं.

आणि मग मार्च 2006. रशियाने जॉर्जियन वाइनवर बंदी घातली. कारण दिलं कीटकनाशकांचं आणि जड धातूंचं. जॉर्जिया 2003 च्या क्रांतीनंतर पश्चिमेकडे झुकला होता, हे खरं कारण आहे असं इथे सगळे मानतात. त्या वेळी परदेशी जाणाऱ्या दर दहा बाटल्यांपैकी सुमारे आठ रशियात जात होत्या. एका रात्रीत बाजार बंद होणं म्हणजे काय, ते लासलगावच्या कांदेवाल्याला वेगळं सांगायला नको.

त्या बंदीने मोठे कारखाने हादरले, पण देशाला आपल्या रांजणांकडे परत पाहावं लागलं. स्वस्त गोडसर वाइन युरोपात कोण घेणार? तिथे दाखवायला जॉर्जियाकडे एकच गोष्ट होती, जी दुसऱ्या कुणाकडे नव्हती. सोलिको त्साइश्विली आणि त्यांचे मित्र बंदीच्या आधीपासूनच काखेतीत रांजणातली वाइन बाटलीत भरून विकत होते. त्यांच्यामागून अनेक लहान घरं पुढे आली. लंडन, टोकियो, न्यूयॉर्कच्या उपाहारगृहांत अंबर वाइन पोचली. 2013 साली युनेस्कोने क्वेव्रीच्या पद्धतीला मानवजातीचा अमूर्त वारसा म्हणून मान्यता दिली. हे सगळं या खोल्यांनी, या हातांनी मिळवून दिलं.

त्याच 2013 मध्ये रशियाने बंदी उठवली.

(दृश्य : स्टीलच्या टाक्या, बाटल्या भरणारं यंत्र, कंटेनरची रांग.)

2023 साली जॉर्जियाने सुमारे 11 कोटी 80 लाख लिटर वाइन बाहेर पाठवली, सुमारे 26 कोटी डॉलरची. त्यातली जवळपास दोन-तृतीयांश रशियात गेली. चीनशी मुक्त व्यापार करार आहे, युरोपीय संघाशी आहे, पोलंडमध्ये मागणी आहे. तरीही काटा पुन्हा तिथेच. युक्रेन युद्धानंतर रशियाने पाश्चात्त्य वाइनवरचं आयात शुल्क वाढवलं, जॉर्जियावर नाही, आणि ओढ आणखी वाढली. द्राक्षं जास्त झाली की भाव टिकवायला सरकार अनुदान देतं, नाहीतर स्वतः खरेदीला उतरतं. ट्रॅक्टरच्या या रांगा खरेदी केंद्राबाहेरच्या आहेत. पुन्हा बंदी आली तर या रांगेचं काय होईल, याचं उत्तर इथे कुणाकडे तयार नाही.

सरकारी जाहिरातीत रांजण असतो. विमानतळावरच्या भिंतीवर रांजण असतो. जाणाऱ्या कंटेनरमध्ये मात्र स्टीलच्या टाकीतली वाइन असते. रांजणातल्या वाइनचा वाटा अगदी थोडा आहे. नाव या वाइनने कमावलं, पैसा दुसरीकडे जातो, आणि नाव कमावणाऱ्या कुंभाराला भट्टीचं लाकूड परवडत नाही. हे बदलायला हवं. रशियाचा रस्ता कधीही बंद होऊ शकतो, 2006 मध्ये तो बंद झालाच होता. तेव्हा देशाला जगात नाव मिळवून दिलं ते मातीच्या या रांजणांनी.

(दृश्य : वसंत ऋतू. मरानीतला एक रांजण उघडला जातोय.)

मार्च उजाडला. लिंपलेली माती खरवडून काढतात, झाकण सरकवतात, वाळवलेल्या भोपळ्याच्या पळीने पहिला पेला भरतात. वाइन उपसून झाली की रांजण धुवायचा. मोठा असेल तर माणूस आत उतरतो आणि चेरीच्या झाडाच्या सालींच्या कुंच्याने भिंती घासतो. शेवटी धुतलेलं पाणी स्वच्छ निघेपर्यंत हे चालतं. किती तरी तास.

महाराष्ट्रातून हल्ली जॉर्जियाच्या सहली निघतात. तिबिलिसी, कझबेगीचा बर्फ, आणि एक दिवस काखेतीत वाइन चाखायला. जाणार असाल तर एवढं करा. रस्त्याकडेच्या दुकानात मातीच्या, नक्षीदार बाटल्या मांडलेल्या दिसतील. आत बहुतेक वेळा कारखान्यातली गोडसर वाइन असते, मातीची फक्त बाटली. लेबलावर क्वेव्री लिहिलंय का ते वाचा. त्यापेक्षा बरं म्हणजे गाडीच्या ड्रायव्हरला सांगून एखाद्या घरच्या मरानीत जा. फरशीतली तोंडं बघा, रांजण कुठल्या गावच्या कुंभाराचे ते विचारा. मालक हौसेने सांगतील, बरोबर ब्रेड आणि चीज ठेवतील. बाटली घ्यायची तर तिथूनच घ्या. पैसे त्या घरात राहतात, आणि नवा रांजण घडवायला सांगायची वेळ आली की तिथून कुंभारापर्यंत पोचतात.