हरवलेली डीएलएल कुठल्या संचातली?

पडद्यावर खिडकी येते : ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडत नाही, म्हणून प्रोग्रॅम सुरू करता येत नाही.’ मग बहुतेक जण फाइलचं नाव नेटवर शोधतात, कुठल्याशा साइटवरून ती सुटी फाइल उतरवतात आणि विंडोजच्या सिस्टिम३२ या फोल्डरात टाकतात. आजच्या व्याख्यानानंतर एवढी एक सवय सुटली तरी पुष्कळ झालं. ती फाइल कुणी बदलली, कोणत्या आवृत्तीची आहे, आत काय घुसवलंय, यातलं काहीच कळायला मार्ग नसतो.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमांनी मिळून वापरायचा कोड. आपल्याला कोणत्या डीएलएल लागतात याची यादी प्रोग्रॅमच्या फाइलमध्येच असते. ती वाचून विंडोज साधारणपणे आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतं, मग सिस्टिम३२, मग विंडोजचं फोल्डर, आणि अगदी शेवटी पाथमध्ये, म्हणजे विंडोजने शोधायच्या फोल्डरांच्या यादीत, नोंदलेल्या जागा. कुठेच नाही मिळाली की ती खिडकी.

आता नावाकडे नीट बघा. अशा डीएलएल सुट्या नाही, तर संचाने येतात, आणि नावातला आकडा तो संच सांगतो. १०० म्हणजे व्हिज्युअल सी++ (प्रोग्रॅम बनवायचं मायक्रोसॉफ्टचं साधन) २०१०, १२० म्हणजे २०१३, आणि १४० म्हणजे २०१५ आणि त्यापुढचं. २०१५ ते २०२२ साठी मायक्रोसॉफ्टचा एकच ‘रीडिस्ट्रिब्युटेबल’, म्हणजे प्रोग्रॅम चालवायला लागणाऱ्या डीएलएलचा, संच चालतो. नावाच्या शेवटी ‘_१’ असलेली व्हीसीरनटाइम१४०_१ मात्र २०१९ च्या सुमारास आली, त्यामुळे २०१५ चा जुना संच कितीदाही टाका, ती मिळणार नाही. नवीनच संच घ्या, आणि तो मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून. जुन्या गेमला लागणारी डी३डीएक्स९_४३ ही डायरेक्टएक्सच्या (गेमची चित्रं-आवाज सांभाळणाऱ्या विंडोजच्या भागाच्या) जून २०१० च्या संचातली. विंडोज १० मध्ये डायरेक्टएक्स १२ असतं, पण ही फाइल त्यात येत नाही.

मशीन ६४ बिटचं, म्हणून फक्त ६४ बिटचा संच टाकला, असं सर्रास होतं. पण कोणती फाइल लागणार हे मशीन नाही, प्रोग्रॅम ठरवतो. म्हणून एक्स८६ (३२ बिटचा) आणि एक्स६४ (६४ बिटचा) असे दोन्ही संच टाका. इथे नावांचा एक चक्रमपणा आहे : ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये! जुन्या प्रोग्रॅमांमध्ये सिस्टिम३२ हे नाव कायमचं लिहिलेलं होतं, ते मोडू नये म्हणून हा उलटा कारभार. त्यामुळे हाताने टाकलेली फाइल हमखास चुकीच्या घरात जाते आणि पुढची खिडकी ०xसी०००००७बी हा आकडा दाखवते. बिटांची सरमिसळ झाली की बहुधा हाच आकडा येतो.

संच आधीच टाकलेला दिसला तर सेटिंग्जमधल्या अ‍ॅप्सच्या यादीत त्याच्यासमोर ‘मॉडिफाय’ आणि मग ‘रिपेअर’ दाबा, मशीन पुन्हा सुरू करा. हरवलेली फाइल त्या एकाच प्रोग्रॅमची असेल तर आधी अँटिव्हायरसचा क्वारंटाइन, म्हणजे संशयित फाइली डांबून ठेवायची जागा, बघा. तिथे अडकली असेल तर प्रोग्रॅम दहादा टाकूनही ती पुन्हा उचलली जाईल. विंडोजचीच फाइल गेली असेल तर कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून आधी ‘डिस्म /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ’ ही विंडोजचा साठा दुरुस्त करणारी कमांड आणि ते संपल्यावर बिघडलेल्या फाइली बदलणारी ‘एसएफसी /स्कॅननाऊ’ चालवा. अर्थात या कमांडी टाइप करायच्या त्या इंग्रजीतच. क्रम उलटा केला, तर एसएफसी ज्या साठ्यातून चांगली प्रत काढतं तो साठाच बिघडलेला असू शकतो. रेगएसव्हीआर३२ या कमांडने डीएलएलची विंडोजकडे नोंदणी करण्याचा सल्ला मात्र इथे निरुपयोगी आहे. व्हीसीरनटाइममध्ये नोंदणीची सोयच नाही.

कधी फाइल डोळ्यांसमोर असते आणि तरी ‘मॉड्यूल सापडलं नाही’, एरर १२६. तिथे बहुधा तिला लागणारी दुसरीच डीएलएल गायब असते. प्रोग्रॅम कोणत्या फाइली शोधतो ते दाखवणारं मायक्रोसॉफ्टचं फुकट मिळणारं प्रोसेस मॉनिटर चालू करून त्या प्रोग्रॅमपुरता फिल्टर लावा. ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळी ढिगाने दिसतील, घाबरू नका, एकेक फोल्डर धुंडाळताना त्या येणारच. ज्या नावापुढे शेवटपर्यंत एकदाही ‘सक्सेस’ येत नाही, ते नाव आधी तपासा.